तबकडीवरचं नाव, किड्याचं नाव

इंदूरहून राऊ ओलांडून महूच्या रस्त्याला लागलं की पिगडंबर हे गाव येतं. लता मंगेशकरांच्या गाण्यांच्या तबकड्या जपणारं संग्रहालय या गावात आहे, लता दीनानाथ मंगेशकर ग्रामोफोन रेकॉर्ड संग्रहालय. इंदूरच्या शीख मोहल्ल्यात २८ सप्टेंबर १९२९ रोजी मास्टर दीनानाथांच्या पोटी ही मुलगी जन्मली, तेव्हा तिच्या गाण्यांचं संग्रहालय इथं असावं हे ओघानंच आलं. मात्र जुन्या तबकड्यांकडे जरा वेगळ्या नजरेनं पाहिलं तर गाण्यापलीकडचीही एक गोष्ट दिसते. मिनिटाला ७८ फेरे घेणारी ती काळी, जड, हातातून निसटली तर बशीसारखी फुटणारी तबकडी म्हणजे दगडाची बारीक पूड, काजळी आणि या सगळ्याला बांधून ठेवणारी लाख. लाख म्हणजे एका किड्याच्या अंगातून पाझरलेली राळ. प्लॅस्टिकची तबकडी येईपर्यंत जगातलं बहुतेक ध्वनिमुद्रित संगीत या राळेवर कोरलेलं होतं. मराठी नाट्यपदं, अब्दुल करीम खाँ, बालगंधर्व, सगळेच त्यात आले.

तबकडीच्या मधोमध कागदाचा गोल असतो. त्यावर गाण्याचा मुखडा, चित्रपट, संगीतकार, गायक. १९४९ सालच्या ‘महल’मधलं ‘आएगा आनेवाला’ हे गाणं बाजारात आलं तेव्हा त्या गोलावर गायिकेच्या जागी छापलं होतं ‘कामिनी’. कामिनी हे पडद्यावरच्या पात्राचं नाव. गाणं गाजलं, आवाज कुणाचा म्हणून रेडिओकडे श्रोत्यांची पत्रं यायला लागली, आणि कंपनीकडे चौकशी झाल्यावर लता मंगेशकर हे नाव हवेवर सांगितलं गेलं. खरं तर ‘लता’ हेदेखील जन्मनाव नव्हे. जन्मनाव हेमा. दीनानाथांच्या मंडळीच्या ‘भावबंधन’ नाटकातल्या लतिकेवरून पुढे ते लता झालं. आवाज तोच, गळा तोच, आणि नावं तीन.

त्या तबकडीतल्या किड्याची कथाही नेमकी अशीच आहे. फक्त त्याची नावं तीनांवर थांबली नाहीत.

आज शास्त्रज्ञ या लाखकिड्याला केरिया लॅका म्हणतात. पूर्ण रीतीनं लिहायचं तर: केरिया लॅका (केर, १७८२). कीटकशास्त्राच्या पुस्तकात ही ओळ दिसली की सर्वसाधारण वाचक पुढे सरकतो. पोस्टाच्या पाकिटावरचा शिक्का कुणी वाचत नाही तसंच. पण या चार शब्द-आकड्यांत दोनशे वर्षांचा कारभार नोंदलेला आहे. त्यातला सर्वांत बोलका भाग म्हणजे तो कंस.

सुरुवात पाटण्यापासून करावी लागते. जेम्स केर नावाच्या गृहस्थानं पाटण्याहून या किड्याचं वर्णन लिहून पाठवलं आणि ते लंडनच्या रॉयल सोसायटीच्या नियतकालिकाच्या १७८१ च्या खंडात छापून आलं. खंड प्रत्यक्ष बाहेर पडण्याचं साल म्हणून शास्त्रज्ञ १७८२ धरतात. केरनं किड्याला नाव दिलं कॉकस लॅका. त्या काळी झाडाला चिकटून बसणारे, दाण्यासारखे दिसणारे सगळे किडे ‘कॉकस’ याच एका पोत्यात टाकले जात. पुढे १७९१ मध्ये वनस्पतिशास्त्रज्ञ विल्यम रॉक्सबर्गनं त्याला कर्मीस लॅका म्हटलं. मग १८६१ साली मुंबईचा एक सरकारी डॉक्टर, हेन्री कार्टर, या कथेत येतो. मुंबई बेटावरच्या सीताफळाच्या झाडांवर त्याला लाख दिसली. त्यानं भिंगाखाली किड्याचं आयुष्य नीट पाहिलं आणि त्यावर लेख लिहिला. त्याच्या सन्मानार्थ व्हिक्टर सिन्योरे या फ्रेंच अभ्यासकानं १८७४ मध्ये या किड्यासाठी स्वतंत्र प्रजाती (शास्त्रीय नावातला पहिला शब्द) काढून तिला कार्टेरिया हे नाव दिलं. मुंबईच्या डॉक्टरचं नाव लाखेला लागलं खरं, पण ते टिकलं नाही. कारण प्राणिसृष्टीत दुसऱ्या एका प्राण्याला तेच नाव आधी दिलेलं होतं, आणि एका नावाचे दोन प्राणी चालत नाहीत. एकाच गावात एकाच नावाचे दोन सातबारे निघाले की तलाठ्याची जी गत होते, तीच इथेही होते. म्हणून १८८६ मध्ये ब्लांशार यानं बदली नाव सुचवलं टाकार्डिया. अठराव्या शतकाच्या सुरुवातीला भारतात राहून लाखेविषयी लिहिणाऱ्या गी ताशार या फ्रेंच पाद्र्यावरून.

एवढ्यात कुणीतरी जुन्या पुस्तकांची धूळ झटकली. लोरेंझ ओकेन या जर्मन लेखकानं १८१५ सालीच लाखकिड्याला लॅसिफर, म्हणजे लाख वाहणारा, असं नाव दिलेलं निघालं. जुनं ते आधी, हा शास्त्रीय नावांचा मूळ कायदा. त्यामुळे विसाव्या शतकात कित्येक वर्षं पुस्तकांतून, अहवालांतून लॅसिफर लॅका हेच नाव चाललं. रांचीजवळ नामकुमला १९२४ साली सुरू झालेल्या भारतीय लाख संशोधन संस्थेच्या जुन्या प्रकाशनांत ते सर्रास भेटतं. मग १९५६ मध्ये प्राणिनामांच्या आंतरराष्ट्रीय आयोगानं निर्णय दिला की ओकेनच्या त्या ग्रंथातली नावं ग्राह्य नाहीत, कारण त्यानं दोन शब्दी नावांची द्विनाम पद्धत सातत्यानं पाळलेली नाही. लॅसिफर बाद झालं. उरलेल्यांत जुनं कोण? फ्लोरेन्सच्या टार्जोनी तोझेत्तीनं १८८४ साली केरच्या नावावरून केरिया ही प्रजाती काढून ठेवली होती. टाकार्डिया १८८६ ची, केरिया १८८४ ची. दोन वर्षांच्या फरकानं केरिया जिंकली.

म्हणजे ज्याने पहिलं वर्णन लिहिलं त्याचं नाव शंभर वर्षांनी प्रजातीला मिळालं, आणि ते रूढ व्हायला त्यानंतर आणखी पाऊणशे वर्षं गेली. सरकारी कचेरीतली पेन्शनची फाईलही इतकी रेंगाळत नसावी.

आता तो कंस. केरनं ‘लॅका’ हे दुसरं नाव दिलं, पण प्रजाती सांगितली होती कॉकस. ती आता बदलली. मूळ लेखकानं ज्या प्रजातीत जीव ठेवला होता तिथून तो दुसरीकडे हलवला, की मूळ लेखकाचं नाव आणि साल कंसात जातं. हलवला नसेल तर कंस नाही. कार्ल लिनियसनं १७५८ साली लिंबावर, संत्र्यावर आढळणाऱ्या एका मऊ खवलेकिडीला कॉकस हेस्पेरिडम हे नाव दिलं. ती आजही कॉकसच आहे, म्हणून तिच्यापुढे लिनियस आणि १७५८ उघडे, कंसाविना लिहितात. कंस म्हणजे घर बदलल्याची नोंद. लग्नानंतर माहेरचं आडनाव कंसात लिहिण्याची पद्धत काही निमंत्रणपत्रिकांत दिसते, तिच्याशी याचं दूरचं नातं लावता येईल. पण इथे कंसात माहेर नसून नाव ठेवणारी आत्या असते, हा फरक लक्षात ठेवावा.

मराठी वाचकाची यात एक खास अडचण होते. छापील रोमन लिपीत प्रजातीच्या नावाचं पहिलं अक्षर मोठं, जातीच्या नावाचं लहान, आणि दोन्ही तिरप्या ठशात. एवढ्यावरून नजरेला कळतं की हे शास्त्रीय नाव आहे, यातला पहिला शब्द कुळाच्या आडनावासारखा आणि दुसरा त्या जातीपुरता. देवनागरीत मोठं-लहान अक्षर नाही. त्यामुळे मराठी मजकुरात ही नावं नुसती परदेशी पाहुण्यांसारखी उभी राहतात, आणि कृषी पत्रिकांत कधी ‘केरिया’, कधी ‘केरीया’, कधी ‘लॅका’, कधी ‘लाक्का’ अशी चार वळणं घेतात. यातला शेवटचा उच्चार, गंमत म्हणजे, मुळाच्या जास्त जवळचा आहे.

कारण ‘लॅका’ हा शब्द आपलाच. संस्कृत लाक्षा, प्राकृत लक्खा, तिथून फारसी-अरबीत, तिथून मध्ययुगीन लॅटिनमध्ये लाक्का. अथर्ववेदाच्या पाचव्या कांडात लाक्षेला उद्देशून एक सूक्त आहे; जखम भरून आणणारी म्हणून तिची स्तुती आहे. महाभारतात वारणावतचं लाक्षागृह आहेच. मराठीत तर लाख कुठे कुठे लपून बसली आहे पाहा. पायाला लावायचा अळिता लाखेच्या लाल रंगाचा. जुना कारभारी पत्राला लाख लावून मोहोर उठवायचा, म्हणून ‘लखोटा’. होळकरांच्या दरबारातला मोडी पत्रव्यवहार असो की पेशवे दफ्तरातला, बंद पत्र म्हटलं की हा शब्द आलाच. शंभर हजारांचा लाख आणि झाडावरची लाख एकच का, यावर पंडितांचं एकमत नाही. फांदीवर वळवळणारी असंख्य पिल्लं पाहिलेल्या माणसाला मात्र ते पटायला वेळ लागत नाही. थोडक्यात, केरिया लॅका म्हणजे ‘केरची लाख’. अर्धं नाव पाटण्याच्या साहेबाचं, अर्धं पाली-प्राकृत बोलणाऱ्या कुणा अनामिकाचं.

(केरिया याच नावाचं पिवळ्या फुलांचं एक झुडूपही आहे, केरिया जॅपोनिका. ते दुसऱ्याच केरवरून, विल्यम केर नावाच्या माळ्यावरून. वनस्पतींची नावं आणि प्राण्यांची नावं यांची दफ्तरं वेगळी आहेत, त्यामुळे तिथे भांडण होत नाही.)

लाखकिडा ज्या मोठ्या घराण्यातला, त्याला मराठी शेतकरी खवलेकीड आणि पिठ्या ढेकूण या दोन नावांनी ओळखतो. शास्त्रीय भाषेत या सगळ्यांचं मिळून महाकुल कॉकॉइडिया. जगभरात सुमारे आठ हजार जाती. मूळ शब्द ग्रीक ‘कॉक्कोस’, म्हणजे दाणा, बी. हाच शब्द डॉक्टरांच्या तोंडी स्टॅफिलोकॉकसमध्ये येतो, कारण ते जिवाणूही सूक्ष्मदर्शकाखाली दाण्यासारखे गोल दिसतात. किड्याला दाणा का म्हटलं, हे मादी पाहिली की कळतं. अंड्यातून बाहेर पडलेलं पिल्लू जेमतेम अर्धा मिलिमीटर. ते दोन दिवस कोवळ्या फांदीवर हिंडतं, जागा पसंत करतं, सोंड सालीत खुपसतं आणि बसतं. लाखेच्या मादीच्या बाबतीत हे बसणं कायमचं असतं. पाय झडतात, मिशा झडतात, अंगाभोवती राळेचं कवच चढतं, आणि उरलेलं आयुष्य त्या एका जागी. झाडावर फोड आला आहे, बी चिकटलं आहे, असंच वाटतं. भूमध्य समुद्राच्या काठच्या ओक वृक्षांवरून असे लाल ‘दाणे’ वेचून लोकर रंगवणाऱ्या जुन्या रंगाऱ्यांना ते प्राणी आहेत याचा कितीतरी काळ पत्ताच नव्हता.

त्या ओकवरच्या किड्याचं नाव कर्मीस. अरबीत किर्मिझ, आणि त्यामागे फारसीतला ‘किर्म’, म्हणजे किडा. आपल्या ‘कृमी’चा सख्खा भाऊ. तिथूनच मराठीत आला ‘किरमिजी’ रंग. इंदूरच्या एखाद्या घरात ठेवणीतला किरमिजी शालू बाहेर काढला जातो तेव्हा रंगाच्या नावातच किडा असतो, फक्त कुणाला दिसत नाही.

इथवर नावांची गंमत झाली. नाव चुकलं तर काय होतं, याची एक जुनी फजिती भारतातच घडलेली आहे. अठराव्या शतकात मेक्सिकोच्या निवडुंगावरचा कोचिनील किडा सोन्याच्या भावानं विकला जात होता. इंग्रज आणि फ्रेंच दोघांनाही तो हवा होता, आणि स्पॅनिश लोक देत नव्हते. १७९५ मध्ये कॅप्टन नीलसन यानं ब्राझीलमधून ‘कोचिनील’ म्हणून काही किडे कलकत्त्याला आणले. निवडुंगावर सोडले, ते वाढले, आणि मग लक्षात आलं की रंग हलका आहे. तो डॅक्टिलोपियस कॉकस नव्हताच. त्याच्या जवळची दुसरी, रानटी जात होती. रंगाचा धंदा बसला. पण त्या किड्यानं फड्या निवडुंगाच्या एका जातीचा असा फडशा पाडला की पुढे दक्षिणेत आणि सिलोनात तो मुद्दाम निवडुंग मारायला नेला गेला. परक्या तणाचा किड्याकडून बंदोबस्त करण्याच्या इतिहासात हे पहिलं प्रकरण मानतात. या रानटी जातीचं आजचं शास्त्रीय नाव डॅक्टिलोपियस सिलोनिकस, म्हणजे सिलोनचा. मूळ घर दक्षिण अमेरिका, प्रवास कलकत्त्याहून, आणि नावात सिलोन. कारण शास्त्रीय वर्णन ज्या नमुन्यांवरून लिहिलं गेलं ते सिलोनातले होते. शास्त्रीय नाव खरं बोलेलच असं नाही. ते फक्त एकाच जिवाचं असावं लागतं. नाव दिलं की ते खोटं निघालं तरी बदलता येत नाही, हा नियम ऐकून अनेकांना आश्चर्य वाटतं. पण मराठी माणसाला वाटू नये. आपल्याकडे काळेभोर गृहस्थ ‘गोरे’ असतात आणि आयुष्यभर तसेच राहतात.

दुसरं प्रकरण अगदी अलीकडचं, आणि ते थेट निमाड-विदर्भाच्या रानातलं. २००५ च्या आगेमागे पाकिस्तान आणि भारतातल्या कपाशीवर पांढऱ्या पिठासारखी एक कीड अशी काही तुटून पडली की झाडं शेंड्यापासून वाळायला लागली. गुजरात, पंजाब, महाराष्ट्र, मध्य प्रदेश. इंदूरच्या दक्षिणेला घाट उतरला की खरगोन-खंडव्याचा कपाशीचा पट्टा सुरू होतो. ज्या शहराच्या गिरण्या कापसावर उभ्या राहिल्या, ज्या शहरात कापसाच्याच अभ्यासासाठी १९२४ साली इन्स्टिट्यूट ऑफ प्लांट इंडस्ट्री काढून अल्बर्ट हॉवर्डला बसवलं होतं, त्या शहराला ही बातमी परकी नव्हती. शेतकऱ्यांनी कीड पाहिली आणि कुणी मिलीबग म्हटलं, कुणी पिठ्या ढेकूण, कुणी नुसतंच ‘चिकटा पडला’. चिकटा तर मावाही पाडतो, तुडतुडेही पाडतात. फवारा कशाचा मारायचा?

पिठ्या ढेकूण म्हणून ओळखल्या जाणाऱ्या जाती शेकड्यांनी आहेत. जास्वंदीवरचा गुलाबी पिठ्या ढेकूण, मॅकोनेलिकॉकस हिर्सुटस, हा आपल्या द्राक्षबागायतदारांचा जुना वैरी, तोही कपाशीवर येतो. पपईवरचा वेगळा. सगळे पांढरे, सगळे पिठाळ. नुसत्या डोळ्यांनी वेगळे करणं अवघड. मादीला काचेवर चढवून, रंगवून, पाठीवरची छिद्रं आणि केस मोजावे लागतात. पाकिस्तानातल्या काही संशोधकांना ही कपाशीवरची जात नवीच वाटली आणि त्यांनी तिला ‘कापूसप्रेमी’ अशा अर्थाचं नाव दिलं. नागपूरच्या केंद्रीय कापूस संशोधन संस्थेनं नऊ राज्यांतल्या ४७ ठिकाणांहून नमुने गोळा केले, आणि त्यातली फार मोठी संख्या एकाच जातीची निघाली: फेनाकॉकस सोलेनॉप्सिस. अमेरिकेतल्या न्यू मेक्सिकोत टिन्सले यानं १८९८ साली वर्णन केलेली. ‘सोलेनॉप्सिस’ हे मुंग्यांच्या एका प्रजातीचं नाव. पहिले नमुने तिच्या वारुळात, झाडाच्या मुळांवर सापडले म्हणून. कापसाचा नावात उल्लेखही नाही. ‘कापूसप्रेमी’ हे नाव अर्थानं कितीतरी चपखल होतं, पण ती तीच जात आहे हे तुलनेत ठरल्यावर चपखलपणाला काही किंमत उरली नाही. आधीचं ते खरं.

हे ठरल्यानं शेतकऱ्याच्या हाती काय आलं? आलं बरंच. नाव कळलं की त्या नावाखाली जगात जे जे लिहिलं गेलं आहे ते एका ठिकाणी मिळतं: मूळ गाव कुठलं, कुठल्या झाडांवर जगते, तिला कोण खातं. आणि गंमत अशी की औषधाचा शोध चालू असतानाच तिचा शत्रू आपणहून शेतात हजर होता. पिठ्या ढेकणाच्या पोटात अंडं घालणारी एक इवलीशी माशी. तिची अळी आतून ढेकूण पोखरते आणि बाहेर तपकिरी, टणक टरफल उरतं. बऱ्याच ठिकाणी या टरफलांची संख्या इतकी वाढली की कीड आपोआप ओसरली. अलिगढ मुस्लिम विद्यापीठातले या माश्यांचे जाणकार मोहम्मद हयात यांनी २००९ मध्ये तिचं वर्णन करून नाव दिलं एनासियस बंबावालेई. एकात्मिक कीड व्यवस्थापनाच्या राष्ट्रीय केंद्राचे तेव्हाचे संचालक डॉ. ओ. एम. बंबावाले यांच्या सन्मानार्थ. लॅटिनमध्ये पुरुषाच्या नावाला शेवटी ‘ई’ लागला की षष्ठी होते, ‘बंबावाल्यांची’. मराठी आडनावाला लॅटिन प्रत्यय लागलेला पाहून हसू येतं, पण नियमात ते अगदी बसतं. त्याच चालीनं ‘अमक्याचा’ म्हणून हजारो किडे जगभर नांदत आहेत.

हे नाव पाच वर्षं राहिलं. २०१४ मध्ये इराणी आणि इतर अभ्यासकांनी जुन्या नमुन्यांशी ताडून पाहिलं, तेव्हा ही माशी १९१५ सालीच जिरो नावाच्या संशोधकानं अमेरिकेतल्या ॲरिझोनाच्या नमुन्यांवरून वर्णन केलेली निघाली. आता ती एनासियस ॲरिझोनेन्सिस. बंबावाले यांचं नाव त्याखालच्या यादीत, समानार्थी नाव म्हणून. मराठी माणूस हळहळेल. पण या बदलानं एक फार उपयोगाची गोष्ट सांगितली. कीड न्यू मेक्सिकोची, माशी शेजारच्या ॲरिझोनाची. दोघी एकाच मुलखातल्या. ढेकूण कुठल्याशा रोपाबरोबर समुद्र ओलांडून आला, आणि त्याच्या मागोमाग त्याच्या पोटात किंवा पाठीवर त्याचा वैरीही. कुणी आणलं नाही, कुणी सोडलं नाही. जुनं नाव एका माणसाचा मान राखत होतं. नव्यानं पत्ता दिला.

बाद झालेली नावं फेकून देत नाहीत, हेही इथे सांगायला हवं. लॅसिफर, टाकार्डिया, कार्टेरिया, बंबावालेई ही सगळी आजच्या नावाखाली क्रमवार टांगलेली असतात. १९४० सालचा रांचीचा अहवाल वाचणाऱ्याला लॅसिफर लॅका म्हणजे आजची केरिया लॅका हे त्या यादीवरूनच कळतं. ‘कामिनी’ छापलेली तबकडी लता मंगेशकरांच्या नावाखाली लावायची, हे जसं तबकड्यांचा जाणता संग्राहक बिनचूक जाणतो, तसंच.

शास्त्रीय नावाचा इतका गौरव केल्यावर त्याची एक उणीवही सांगितली पाहिजे. लाखेच्या बाबतीत ज्याच्या हाती धंदा आहे त्याला केरिया लॅका हे नाव पुरत नाही. किड्याचे दोन वाण आहेत: रंगीनी आणि कुसुमी. शास्त्राच्या दफ्तरात दोन्ही एकाच जातीचे. पण पळसावर आणि बोरीवर पोसला जाणारा रंगीनी कुसुमाच्या झाडावर सोडला तर रुजत नाही. कुसुमी लाख फिकी, सोनेरी, तिला भाव जास्त. रंगीनीची पिकं कातकी आणि बैसाखी, कुसुमीची अगहनी आणि जेठवी. गोंदिया-गडचिरोलीच्या जंगलातला, बालाघाट-शिवनीकडचा गोंड शेतकरी बीजलाख बांधताना हेच शब्द वापरतो, आणि त्याचं कधी चुकत नाही. दोन शब्दांच्या लॅटिन नावात जो फरक मावत नाही तो या गावठी नावांत पक्का आहे. बाजारातही तेच. झाडावरून काढली ती काडीलाख, धुऊन-कुटून दाणेदार झाली की वेगळं नाव, वितळवून पातळ पापुद्रे केले की चपडा. लाकडाला पॉलिश करणारा सुतार दुकानात जाऊन चपडाच मागतो, लाख मागत नाही.

नामकुमच्या त्या संस्थेच्या पाटीवरूनही दरम्यान लाख गेली. १९२४ ची लाख संशोधन संस्था २००७ मध्ये नैसर्गिक राळ व डिंक संस्था झाली, आणि २०२२ मध्ये दुय्यम कृषी संस्था. किड्यांवरचं काम मात्र चालू आहे. प्राणिनामांच्या आयोगाला विचारलं असतं तर १९२४ चं नावच कायम ठरलं असतं.

तबकड्यांचा काळ केव्हाच गेला. दुसऱ्या महायुद्धात लाखेची आयात अडली तेव्हा, १९४२ मध्ये, अमेरिकेत तबकड्यांसाठी लाख वापरण्यावर कडक बंधनं आली होती आणि जुन्या तबकड्या परत घेऊन दळून नव्या केल्या जात होत्या; पुढे व्हिनाइल आलं आणि पश्चिमेकडे लाखेची तबकडी पन्नाशीच्या दशकात मावळली. भारतात ती आणखी बरीच वर्षं निघत राहिली. आज लाख गोळ्यांच्या आवरणात आहे, चॉकलेटच्या चकाकीत आहे, फळांवरच्या मेणात आहे. वेष्टनावर बारीक अक्षरात ९०४ हा आकडा दिसला तर ती हीच. तिथे किड्याचं नाव नाही की झाडाचं नाही, फक्त क्रमांक.

इंदूरमध्ये मात्र लाख अजून लाख म्हणूनच विकली जाते. उज्जैन, रतलाम, मंदसौर, महिदपूर आणि इंदूर ही माळव्यातली लाखेच्या कामाची जुनी ठिकाणं, आणि हे काम पिढ्यान्‌पिढ्या करणाऱ्या जातीचं नावच लखेरा. राजवाड्याच्या आसपासच्या गल्ल्यांत लग्नसराईत बांगड्यांच्या दुकानांपुढे उभं राहायला जागा नसते. निखाऱ्यावर मऊ केलेला लाखेचा गोळा लाकडी फळीवर लांब वळायचा, रंगीत लाखेची पट्टी फिरवायची, साच्यावर गोल करून टोकं जुळवायची, आणि गरम असतानाच आरशाचे तुकडे, खडे बसवायचे. मापात फरक पडला तर पुन्हा आचेवर धरून बांगडी सैल करून देतात. काचेच्या बांगडीला हे भाग्य नाही. गिऱ्हाईक मराठी असो की माळवी, प्रश्न एकच विचारतं, आणि तो हिंदीतच विचारला जातो: असली लाख है? दुकानदार बांगडी उचलतो आणि दिव्याच्या आचेजवळ धरतो.